सब्र म्हणजे हात बांधून बसणं नव्हे

'जरा सबूर!' असं आपण येता-जाता म्हणतो. शिर्डीच्या 'श्रद्धा आणि सबुरी'तही तोच शब्द आहे. अरबी 'सब्र' फारसीच्या वाटेनं मराठीत आला. त्याचा मूळ अर्थ आवरणं, धरून ठेवणं. संकटात स्वतःला सावरून धरणं हाच इस्लाममधल्या सब्रचा गाभा.

इ.स. 619 हे मुस्लिम परंपरेतलं 'दुःखाचं वर्ष'. मक्केतल्या कुरैशांनी घातलेला बहिष्कार उठला आणि थोड्याच काळात प्रेषित मुहंमद यांच्या पत्नी खदीजा आणि पाठीशी उभे राहिलेले चुलते अबू तालिब दोघंही गेले. आधार शोधत प्रेषित ताइफला पोहोचले. तिथल्या सरदारांनी त्यांना हाकलून दिलं, मागे टवाळ पोरं लावली. दगडांच्या माऱ्यानं पाय रक्तबंबाळ झाले. एका मळ्याच्या सावलीत ते टेकले, तेव्हा अद्दास नावाच्या ख्रिस्ती गुलामानं द्राक्षं आणून पुढ्यात ठेवली. तिथं प्रेषितांनी आपली हतबलता अल्लाहपुढे मोकळी केली. ताइफकरांचा नाश मात्र मागितला नाही. देवापाशी गाऱ्हाणं घातल्यानं सब्र मोडत नाही.

रडल्यानंही मोडत नाही. पुढे मदिनेत त्यांचा तान्हा मुलगा इब्राहीम अखेरचे श्वास घेत होता, तेव्हा प्रेषितांच्या डोळ्यांना धार लागली. 'तुम्हीही?' असं एका सोबत्यानं नवलानं विचारलं. त्यांनी सांगितलं, ही तर दया आहे. मन दुखतं, डोळे वाहतात. फक्त जिभेवर ईश्वराला न रुचणारा शब्द येऊ नये.

आणि सब्रमध्ये धडपडही आहे. वाळवंटात आपल्या तहानलेल्या बाळासाठी आई हाजरा सफा आणि मरवा या टेकड्यांमध्ये सात वेळा धावली. ज़मज़म झऱ्याचं पाणी लागलं ते त्यानंतर. हज आणि उमरा करणारे आजही त्या सात फेऱ्या घालतात. खलिफा उमर शाम (सीरिया) प्रांताच्या वाटेवर असताना पुढे साथ पसरल्याचं कळलं, तेव्हा ते माघारी फिरले. अल्लाहच्या नियतीपासून पळता का, असं विचारल्यावर ते म्हणाले, एका नियतीकडून दुसऱ्या नियतीकडे चाललोय. श्रद्धेनं त्यांना सावधगिरी सोडायला लावलं नाही.

मुताच्या लढाईत प्रेषितांचे चुलतभाऊ जाफर धारातीर्थी पडल्याची बातमी आली, तेव्हा प्रेषितांनी जाफर यांच्या घरच्यांसाठी जेवण करायला सांगितलं. त्या घरावर दुःख कोसळलं होतं, चूल कोण पेटवणार? शेजारी कुणाच्या घरी असा प्रसंग आला, तर 'सबुरीनं घ्या' म्हणण्याआधी जेवणाचा डबा घेऊन जा.