मातीचे गॉथिक फूल

जुन्नरजवळ मानमोडीच्या डोंगरात एक अर्धवट राहिलेले चैत्यगृह आहे. त्याच्या दर्शनी कमानीत दगडी कमळ उमललेले आहे, त्यात लक्ष्मी आणि हत्ती आहेत. तिथल्या लेखात चंद नावाच्या यवनाच्या दानाची नोंद आहे. दाता परका, पण फूल आपले! मुंबईच्या बोरीबंदर स्थानकाची गोष्ट नेमकी उलटी. १८७८ ते १८८८ या काळात ते उभे राहिले. तिथली गॉथिक तऱ्हा युरोपातली, पण नक्षीला हात लागले मुंबईच्या कलाशाळेतल्या विद्यार्थ्यांचे.

गॉथिक म्हणजे बाराव्या शतकात फ्रान्सात सुरू झालेली, टोकदार कमानींची बांधणी. तिच्यातले नेहमीचे फूल म्हणजे वर्तुळात बसवलेल्या चार पाकळ्या. त्याचे मर्म सावलीत आहे. खळगा खोल, कडा धारदार. म्हणून फूल लांबूनही उठून दिसते. हे फूल तुमच्या शाळेतली मुले हाताने करू शकतील, गळ्यात घालू शकतील.

माती मात्र शेतातली काळी नको. ती वाळताना फार आकसते आणि तडकते. ओढ्याकाठचा पोयटा घ्या, भिजवून गाळा, थोडी बारीक वाळू घालून कणकेसारखा मळा. सुपारीएवढा गोळा तळहातावर चपटा करा. जाडी पेन्सिलीपेक्षा जास्त नको. करंगळीने चार बाजूंना चार खळगे दाबा, काडीने मधल्या कडा उभ्या करा, पाकळ्यांची टोके चिमटीने काढा. दोऱ्याचे भोक ओल्या मातीतच पाडा आणि थोडे मोठे ठेवा, कारण वाळताना तेही आकसते.

आता खरी परीक्षा. पहिल्या वर्षी आम्ही घाई केली. दोन दिवस वाळवलेली फुले आव्यात घातली, अन् बरीचशी फुटली. एक मुलगा हिरमुसून म्हणाला, “सर, माझा हातच वाईट.” शेजारी उभ्या असलेल्या कुंभारबाबांनी न भाजलेले एक फूल मोडून दाखवले. बाहेरून पांढुरके, आत ओलसर! “हात चांगला हाय पोरा, सबूर न्हाई,” ते म्हणाले.

कारण साधे आहे. आत राहिलेल्या पाण्याची शंभर अंशांवर वाफ होते, वाट मिळाली नाही तर ती माती फोडते. म्हणून फुले आठवडाभर सावलीत वाळवा, पहिला दिवस ओल्या फडक्याखाली ठेवा. गालाला लावून गार लागली, तर अजून ओल आहे. आव्यात आच हळूहळू वाढवावी. पाचशे-सहाशे अंशांपुढे मातीच्या कणांत बांधलेले पाणीही निघून जाते. मग ती पुन्हा पाण्यात विरघळत नाही.

दुसऱ्या वर्षी त्याच मुलाचे फूल अखंड निघाले. गुरुजी, हा धडा घ्याल त्या दिवशी गावच्या कुंभाराला वर्गात बोलवा आणि आपली खुर्ची त्याला द्या. मुलांना फुलाबरोबर तेही दिसू द्या.