कुलचिन्हे : मराठा संस्थानांची व पोलंडच्या सरदारांची

• मुद्रा व मोर्तब : शिवछत्रपतींची राजमुद्रा अष्टकोनी व संस्कृत, पत्राच्या शिरोभागी मुद्रा आणि समाप्तीस मर्यादेची मुद्रा, म्हणजेच मोर्तब, उमटवीत.

• ढालीवरील चिन्ह : १ जानेवारी १८७७ च्या दिल्ली दरबारानिमित्त संस्थानिकांना जी निशाणे बहाल झाली, त्यांवरील युरोपीय धर्तीची कुलचिन्हे बंगालच्या मुलकी सेवेतील रॉबर्ट टेलर यांनी रेखाटली.

• ग्वाल्हेर : शिंद्यांच्या चिन्हात नाग.

• बडोदे : गायकवाडांचे ब्रीद ‘जीन घर, जीन तख्त’; अर्थात घोड्याचे खोगीर हेच निवासस्थान व तेच सिंहासन.

• पोलंडचा भेद : पश्चिम युरोपात चिन्ह सामान्यतः एका व्यक्तीचे वा घराण्याचे, पोलंडमध्ये मात्र परस्परांशी रक्तसंबंध नसलेली अनेक सरदार घराणी एकच चिन्ह व त्याचे एकच नाव धारण करीत. १४१३ च्या होरोद्वो येथील करारान्वये लिथुएनियाच्या ४७ कुलांना पोलिश सरदारांनी आपल्या चिन्हांत सामावून घेतले.

• मान्यतेची समाप्ती : पोलंडमध्ये १९२१ च्या संविधानाने सरदारकीचे किताब व कुलचिन्हे यांची शासकीय मान्यता गेली, भारतात १९७१ च्या २६व्या घटनादुरुस्तीने संस्थानिकांची मान्यता व तनखे रद्द झाले.