टोमॅटोचा केक, बिनदुधाचा आणि बिनअंड्याचा

आज केकबद्दल बोलायचं आहे, आणि त्या केकमध्ये टोमॅटो घालायचा आहे. आमच्या गटात हा विषय पहिल्यांदा निघाला तेव्हा आम्हीही हसलो होतो. एक आजी तर म्हणाल्या, "उद्या चहात कांदा टाकाल."

विषय निघाला आमच्या एका वहिनींमुळे. त्यांच्या पाच वर्षांच्या मुलाला दूध चालत नाही, अंगावर गांधी उठतात. अंडंही डॉक्टरांनी बंद केलंय. बाजारातला बिनअंड्याचा केक घ्यावा, तर त्यात बहुतेक वेळा दही, दूध पावडर नाहीतर डब्यातलं आटवलेलं दूध असतं. अंगणवाडीत कुणाचा वाढदिवस असला की सगळी पोरं केक खातात आणि हा राजगिऱ्याचा लाडू घेऊन बसतो. वहिनी म्हणाल्या, "आपण गटात एवढे पदार्थ करतो, याच्यापुरता एक केक होणार नाही का?"

मग शोधाशोध झाली. पुण्याला गृहविज्ञान शिकणाऱ्या आमच्या एका सदस्येच्या लेकीने सांगितलं की असा केक अमेरिकेत नव्वद-शंभर वर्षांपूर्वीपासून करतात, आणि तोही डब्यातल्या टोमॅटो सूपचा.

त्यामागची गोष्ट आपल्याला लगेच पटेल अशी आहे. 1897 साली कॅम्पबेल नावाच्या कंपनीत जॉन डोरन्स या रसायनशास्त्रज्ञाने सूपमधलं पाणी कमी करून ते घट्ट स्वरूपात डब्यात भरायची युक्ती काढली. डबा लहान झाला, वाहतूक स्वस्त झाली आणि दहा सेंटला सूप मिळू लागलं. पुढे 1929 साली तिथला शेअर बाजार कोसळला, कामं गेली, मोठी मंदी आली. लोणी, दूध, अंडी जपून वापरायची वेळ आली. पण फडताळात सूपचा डबा असायचा. बायकांनी तोच केकच्या पिठात ओतला. दालचिनी, लवंग, जायफळ घातलं आणि वर मनुका. केक फुगला आणि टोमॅटो कुणाला ओळखू आला नाही. म्हणून त्याला तिकडे 'गूढ केक' असंही म्हणतात. दुसऱ्या महायुद्धात तिथे रेशनिंग होतं, तेव्हा 1942 साली एम. एफ. के. फिशर या लेखिकेने काटकसरीच्या स्वयंपाकावर पुस्तक लिहिलं. त्यातही हा केक आहे, बिनअंड्याचा. त्यात थोडं लोणी होतं. त्याजागी तेल घातलं की जनावरापासून आलेलं काहीच त्यात उरत नाही. अशा खाण्याला हल्ली व्हीगन म्हणतात.

आता टोमॅटोने केक फुगतो कसा? तुम्ही ढोकळ्यात लिंबू आणि सोडा घालता, तेव्हा पीठ फसफसतं. आंबट आणि सोडा एकत्र आले की कार्बन डायऑक्साइड वायू तयार होतो. त्याचे बुडबुडे पिठात अडकतात, उष्णतेने फुगतात आणि भोवतालचं पीठ शिजून घट्ट होतं. केकमध्ये एरवी हे आंबटाचं काम दही करतं. टोमॅटोतही सायट्रिक आम्ल असतं, किलोभर टोमॅटोत साधारण चार ग्रॅम. तेवढ्याला एक सपाट चहाचा चमचा सोडा बरोबर पुरतो. सोड्याने आंबटपणा मरतो, म्हणून खाताना टोमॅटो जाणवत नाही. शिवाय टोमॅटोच्या गराने केक ओलसर राहतो. दूध आणि अंड्याचं निम्मंशिम्मं काम तो गर करतो असं म्हणायला हरकत नाही.

आपल्याकडे सूपचा डबा कोण आणणार? आम्ही जुन्नर तालुक्यातल्या बायका, नारायणगावचा टोमॅटो बाजार आम्हाला जवळ. म्हणून ताजाच घेतला. आणि पहिला केक साफ बिघडला. टोमॅटो नुसते मिक्सरला फिरवून पिठात घातले होते. वरून तपकिरी छान दिसला, सुरी घातली तर आत गचका. कारण साधं होतं. टोमॅटोत शंभरातले चौऱ्याण्णव-पंचाण्णव भाग पाणीच. डब्यातलं सूप आटवलेलं असतं, आमचं नव्हतं.

तेव्हा आधी गर आटवायचा. एक किलो पिकलेले लाल टोमॅटो चिरून स्टीलच्या पातेल्यात शिजवा, गार करून मिक्सरला लावा आणि गाळा. साल आणि बिया गेल्या तर जाऊ द्या, पण बियांभोवतीचा चिकट रस चाळणीवर दाबून काढा, आंबटपणा त्यातच जास्त असतो. मग तो रस सव्वा कप उरेपर्यंत आटवा. कप म्हणजे अडीचशे मिलीचा. चमच्यावरून थेंब न पडता गोळा पडला पाहिजे. ॲल्युमिनियमचं किंवा लोखंडी भांडं नको, आंबट गराला धातूची चव लागते. बाजारातला सॉस घालू नका, त्यात व्हिनेगर, कांदा-लसूण, मीठ असतं. आणि लांबच्या प्रवासाला टिकणारे कडक टोमॅटो असतील तर ते कमी आंबट निघतात, गरात चमचाभर लिंबाचा रस पिळा.

गर पूर्ण गार झाला की एका भांड्यात एक कप साखर, पाव कपाहून थोडं जास्त तेल आणि हा गर एकत्र फेटा. शेंगदाणा तेलाचा वास राहतो, सूर्यफुलाचं बरं. दुसऱ्या भांड्यात दोन कप मैदा, एक चहाचा चमचा सोडा, चिमूटभर मीठ, एक चमचा दालचिनी पूड, अर्धा चमचा सुंठ, अर्धा चमचा जायफळ आणि पाव चमचा लवंग पूड दोनदा चाळून घ्या. लवंगेत हात आवरा, जास्त झाली तर दंतमंजन वाटतं. सोडा सपाट चमचा, शीग नको. आमच्या दुसऱ्या केकमध्ये शीग भरली होती आणि तो साबणासारखा लागला. त्या मुलाने एक घास घेतला आणि "आई, नको" म्हणाला. वहिनींचं तोंड बघवलं नाही.

भांडं तयार ठेवल्याशिवाय कोरडं आणि ओलं एकत्र करू नका, ही सगळ्यात महत्त्वाची गोष्ट. सोडा गराला लागला की वायू लगेच सुटायला लागतो. एकदा आम्ही दोन केकचं पीठ एकत्र भिजवलं आणि दुसऱ्यासाठी रिकामं भांडं शोधत बसलो. पहिला फुगला, दुसरा बसका झाला. पीठ तेच, फरक फक्त अर्ध्या तासाचा.

तेव्हा आधी सात इंची डबा तेल लावून, पीठ भुरभुरून ठेवा. जाड बुडाच्या जुन्या पातेल्यात बोटभर मीठ पसरा, वर स्टँड ठेवून झाकण लावा आणि दहा मिनिटं तापवा. कुकर घेतला तर शिटी आणि रिंग दोन्ही काढा, आणि चांगला कुकर यात घालवू नका, मिठाने खराब होतो. आता कोरडं ओल्यात घाला. पीठ फार घट्ट वाटलं तर दोन-तीन चमचे पाणी घाला. पीठ दिसेनासं झालं की थांबा, जास्त घोटलं तर मैद्याला चिकटपणा येऊन केक चिवट होतो. अर्धी वाटी मनुका पिठात घोळवून घाला, नाहीतर तळाला जातात. लगेच डब्यात ओतून मंद आचेवर 45 ते 55 मिनिटं ठेवा. पहिली 35 मिनिटं झाकण उघडू नका. ओव्हन असेल तर 180 अंशांवर 40 ते 45 मिनिटं. सुरी कोरडी निघाली की झाला.

रंग विटकरी, वास लवंग-दालचिनीचा. दुसऱ्या दिवशी मसाले मुरतात आणि चव वाढते. निम्मा मैदा काढून गव्हाचं पीठ घातलं तरी जमतं, थोडं पाणी जास्त लागतं आणि केक जरा जड होतो. आमच्या आजींना तोच आवडतो.

आता विक्रीचं. टोमॅटोचा भाव पडला की हा केक करायचा, असा विचार आमच्याही डोक्यात आला होता. ऑगस्ट 2021 मध्ये किलोला दोन-तीन रुपये मिळत होते, शेतकऱ्यांनी माल रस्त्यावर ओतला. 2023 च्या जुलैत तोच टोमॅटो शहरात शंभराच्या वर गेला. पण खरं सांगायचं तर एका केकला एकच किलो लागतो, आणि कॅरेट वीस किलोचं. केकने पडलेला भाव उचलला जात नाही. एवढं मात्र होतं की स्वस्ताईत गर आटवून एकेका केकपुरता डब्यात भरून फ्रीजरला ठेवता येतो. सुमारे 800 ग्रॅमच्या केकला टोमॅटो सोडून आम्हाला 80-90 रुपये खर्च येतो. मजुरी धरायला विसरू नका. गर आटवण्यातच तास जातो आणि तो आपलाच असतो.

पाकिटावर टोमॅटो लिहायचा का, यावरून गटात वाद झाला. काहीजणी म्हणाल्या, आधी खाऊ दे, मग सांगू, अमेरिकेत तसंच करायचे. आम्हाला ते पटलं नाही. गंमत घरात चालते. विकताना खाणाऱ्याला सगळं माहीत हवं, कारण आपण हा केक ज्याच्यासाठी केला त्याचं दुखणंच न कळता पोटात गेलेल्या गोष्टीचं आहे. म्हणून टोमॅटो, मैदा, सगळं लिहितो. 'व्हीगन' शब्द आणि त्याची खूण छापायला मात्र 2022 पासून वेगळे नियम आहेत, त्यासाठी मंजुरी लागते. ती नसताना तो शब्द छापू नका. अन्न सुरक्षेची नोंदणी तर कुठलाही पदार्थ विकताना लागतेच.

आणखी एक. गटात आपण दुधाचेही केक करत असू, तर भांडी, चमचे, चाळणी, ब्रश यांना दूध लागलेलं असतं. ॲलर्जीच्या मुलाला तेवढंही पुरतं. आम्ही या केकसाठी भांड्यांचा वेगळा संच ठेवलाय, हँडलला लाल दोरा बांधलेला, आणि ज्या दिवशी हा करायचा तो सकाळी सगळ्यात आधी करतो. तरीही मोठी ॲलर्जी असेल तर आधी डॉक्टरांना विचारा, केक दाखवून विचारा.

चौथा केक जमला. उन्हाळ्यात तीन दिवस, थंडीत पाच दिवस बाहेर टिकतो, डबा घट्ट लावून. वहिनींनी तो अंगणवाडीत नेला, पोराने स्वतः कापला. आजींनी दोन तुकडे खाल्ले आणि विचारलं, "पुढचा कधी?"