गाणं सांभाळणाऱ्या बायका

वेल्स हा ब्रिटनमधला कोळशाच्या खाणींचा मुलूख. तिथल्या ब्लॅकवूड गावातल्या पोरांनी काढलेला 'मॅनिक स्ट्रीट प्रीचर्स' हा रॉक बँड तिकडे चांगलाच गाजलेला. त्यातला गायक जेम्स डीन ब्रॅडफील्ड यानं ऑगस्ट २०२० मध्ये बँड बाजूला ठेवून स्वतःच्या नावावर एक अल्बम काढला, 'ईव्हन इन एक्झाइल'. एक्झाइल म्हणजे हद्दपारी. अकराच्या अकरा गाणी एकाच माणसाभोवती गुंफलेली. हा माणूस ना त्याच्या देशाचा, ना त्याच्या भाषेचा, ना त्याच्या काळाचा. दक्षिण अमेरिकेतल्या चिली देशाचा लोकगायक व्हिक्तोर हारा. तिकडचा शाहीरच म्हणा ना!

लॉकडाऊनमध्ये आमच्या भाईंदरच्या वन-बीएचकेत लेकाच्या खोलीतून ही गाणी रात्रंदिवस ऐकू यायची. खोटं कशाला बोलू, गिटारचा तो दणदणाट मला फारसा झेपत नाही. पण 'कोण रे हा हारा?' म्हणून विचारलं आणि मग त्या माणसाच्या गोष्टीतून बाहेरच पडता येईना.

व्हिक्तोर १९३२ चा. घरची गरिबी, शेतमजुरी. आई आमांदा लग्नाकार्यात आणि मयताच्या घरी जाऊन गाणी म्हणायची. गाणं आलं ते तिच्याकडून. पुढे तो नाटकं बसवू लागला आणि गिटार घेऊन कामगारांची गाणी गाऊ लागला. व्हिओलेता पार्रा नावाची एक जबरदस्त बाई तेव्हा चिलीच्या गावोगाव फिरून म्हाताऱ्याकोताऱ्यांकडून लोकगीतं गोळा करत होती. तिनंच त्याला गाण्याच्या वाटेवर पुढे ढकललं. ब्रॅडफील्डनं एक गाणं या व्हिओलेताच्या हातांवर केलंय, हे मला फार आवडलं. ११ सप्टेंबर १९७३ ला तिथल्या लष्करानं लोकांनी निवडून दिलेलं आयेंदे यांचं सरकार उलथवलं. हजारो माणसांना एका स्टेडियममध्ये कोंडलं, त्यात व्हिक्तोर होता. गिटार वाजवणारे त्याचे हात बंदुकीच्या दस्त्यांनी ठेचले, पाच दिवसांत त्याला संपवलं. अंगात चाळीसच्या वर गोळ्या होत्या.

इथपर्यंतची गोष्ट बरेच जण सांगतात. मला सांगायचीय ती त्यानंतरची.

व्हिक्तोरची बायको जोन. मूळची लंडनची, नृत्य शिकवणारी. एका तरुण कर्मचाऱ्यानं जिवावर उदार होऊन तिला शवागारात नेलं. प्रेतांच्या राशीतून तिनं नवऱ्याला ओळखलं. अंत्ययात्रेला ती धरून तिघंच जणं. महिन्याभरात दोन मुलींना घेऊन तिनं देश सोडला, तेव्हा सामानात लपवून नेल्या त्या नवऱ्याच्या गाण्यांच्या मूळ ध्वनिफिती. लष्कर तर त्या गाण्यांचा मागमूस पुसायच्या मागे होतं. सांगा, अशा वेळी आपण काय बांधून घेतलं असतं? दागिने, कागदपत्रं, मुलींचे कपडे... तिनं गाणी घेतली! १९८३ मध्ये तिनं व्हिक्तोरवर पुस्तक लिहिलं, पुढे चिलीत परत येऊन त्याच्या नावानं संस्था काढली, आणि खटल्याचा पिच्छा काही सोडला नाही. २००३ मध्ये त्या स्टेडियमलाच व्हिक्तोर हाराचं नाव दिलं गेलं. २००९ मध्ये त्याचे पुन्हा अंत्यसंस्कार झाले, तेव्हा हजारोंनी लोक लोटले. ऑगस्ट २०२३ मध्ये तिथल्या सर्वोच्च न्यायालयानं सात माजी लष्करी अधिकाऱ्यांची शिक्षा कायम केली. पन्नास वर्षं! त्याच वर्षी नोव्हेंबरात जोन गेली, ९६ व्या वर्षी. ब्रॅडफील्डच्या अल्बममध्ये एक गाणं जोनचं आहे. नसतं, तर तो अल्बम अर्धाच राहिला असता, असं माझं आपलं मत.

हे सगळं लेक आजीला सांगत होता, तर आमच्या सासूबाई एकदम म्हणाल्या, "म्हणजे आमच्या अमर शेखांसारखा की रे!" सासूबाई परळच्या चाळीत वाढलेल्या. १९८२ च्या गिरणी संपानं घरं मोडली, तशी किती तरी कुटुंबं लालबाग-परळ सोडून इकडे मीरा-भाईंदरला आली, त्यातलंच त्यांचं माहेर. लहानपणी वडिलांच्या खांद्यावर बसून त्यांनी संयुक्त महाराष्ट्राच्या सभा पाहिल्यात. "माईक बंद पडला तरी त्यांचं काही अडायचं नाही बाई," हे त्यांचं ठरलेलं वाक्य.

अमर शेख म्हणजे मूळचे मेहबूब हुसेन पटेल. जन्म २० ऑक्टोबर १९१६, बार्शीचा. बसवर क्लीनर, गिरणीत कामगार, संप, तुरुंगवास असं सगळं करून ते शाहिरीत आले. १९४४ मध्ये अण्णाभाऊ साठे आणि द. ना. गव्हाणकर यांच्यासोबत 'लाल बावटा कलापथक' काढलं. अण्णाभाऊंची 'माझी मैना' घराघरात पोचली ती यांच्या पहाडी आवाजानं. १ मे १९६० ला महाराष्ट्र झाला. २९ ऑगस्ट १९६९ ला इंदापूरजवळ अपघात झाला आणि हा आवाज थांबला. आणि त्यांना गाणं कुणी दिलं? आई मुनेरबीनं. तिच्या ओठांवरच्या ओव्या, लोकगीतं ऐकत हा मुलगा वाढला. तिकडे आमांदा, इकडे मुनेरबी. दोघींची नावं किती जणांना माहीत असतील?

अमर शेखांची आठवण कागदावर उतरवली ती त्यांच्या लेकीनं. कवयित्री मलिका अमर शेख. वडील गेले तेव्हा ती जेमतेम बारा वर्षांची. 'सूर एका वादळाचा' हे तिचं वडिलांवरचं पुस्तक. तिचं 'मला उद्ध्वस्त व्हायचंय' हे १९८४ मधलं आत्मकथन मात्र अनेकींनी लपूनछपून वाचलं असेल, मीही कॉलेजात तसंच वाचलं. समतेची भाषा बोलणाऱ्या घरातही बाईच्या वाट्याला काय येतं, हे तिनं नामदेव ढसाळांसारख्या मोठ्या कवीची बायको म्हणून उघड लिहिलं. शाहिराची, कवीची आरती ओवाळणं सोपं असतं. हे लिहायला जास्त धाडस लागतं, असं मला वाटतं.

शाहीर साबळेंच्या बाबतीतही तेच. 'जय जय महाराष्ट्र माझा' म्हटलं की त्यांचाच आवाज कानात घुमतो. पण त्यांच्या पत्नी भानुमती स्वतः गाणी लिहायच्या, हे आमच्या मंडळातल्या बऱ्याच जणींना कळलं ते नातू केदार शिंदे यांच्या 'महाराष्ट्र शाहीर' या सिनेमामुळे, तोही २०२३ मध्ये!

जुलै २०२५ मध्ये आमच्या मीरा रोडला मराठीच्या प्रश्नावर मोर्चे निघाले. टीव्हीवाले आठवडाभर स्टेशनबाहेर ठाण मांडून होते. त्या दिवसांत आमच्या बचत गटाच्या बैठकीत अर्थातच तोच विषय. कुणी काय, कुणी काय बोलत होतं, आवाज चढत होते. गटात नयानगरची एक मुलगी आहे, शिवणकाम करते. गप्पच बसली होती. मी सहज म्हटलं, "मराठी राज्यासाठी गळा फाटेस्तोवर गायलेला माणूस मेहबूब होता बरं का, बार्शीच्या मुनेरबीचा." आणि मोबाईलवर अमर शेखांचं एक गाणं लावलं. दोन-तीन जणींना तर हा 'शेख' कोणता शेख, हेच ठाऊक नव्हतं.

गाणं संपल्यावर ती मुलगी म्हणाली, "ताई, माझं आजोळ बार्शीकडचंच. आमची नानी अजून जात्यावरच्या ओव्या म्हणते. मराठीतच. विठोबा पण येतो त्यात." मग सगळ्याच तिच्या मागे लागल्या, म्हणून दाखव, म्हणून दाखव. तिला अर्धीच ओवी आठवली. ती अर्धी तिनं लाजत लाजत म्हटली आणि आमच्यातल्या सोलापूरच्या एका काकूंनी लगेच उरलेली पुरी केली. त्यांच्या आईचीही तीच!

ती मुलगी पुढच्या महिन्यात गावी जाणार आहे. नानीच्या सगळ्या ओव्या मोबाईलवर रेकॉर्ड करून आण, म्हणून मी तिच्या मागे हात धुऊन लागले आहे. लेकानं तिला रेकॉर्डिंगचं एक ॲप टाकून दिलंय. नानींनी ऐंशी ओलांडली आहे.