सातशे चौरस फुटांतली चढाई

धुळ्याच्या देवपुरात फ्लॅट बघायला गेलं की पहिला आकडा कानावर येतो तो चौरस फुटांचा. समजा, सातशे. आता त्या सातशे फुटांतल्या सगळ्या भिंती मनातल्या मनात पाडा, फरशीवर मॅट अंथरा आणि प्रत्येकी ८५ किलोपर्यंत वजनाची सात माणसं आत उभी करा. तुम्ही दारातून आत शिरायचं, कुणाला तरी हात लावायचा आणि त्याच दारातून परत यायचं. वेळ तीस सेकंद. पुरुषांच्या कबड्डीचं मैदान १३ मीटर लांब आणि १० मीटर रुंद असतं. त्याचं अर्ध म्हणजे ६५ चौरस मीटर, बरोबर सातशे चौरस फूट. त्यातही दोन्ही कडांना एकेक मीटरचे राखीव पट्टे असतात. झटापट सुरू झाल्याशिवाय तिथे पाय टाकायचा नाही. ते वगळले तर उरतात ५६०. कार्पेट एरिया म्हणा हवं तर.

एवढ्या जागेत एखाद्या माणसाची अख्खी कारकीर्द मावते, हे मला अजून नीटसं पचलेलं नाही.

जगात अंगाला अंग भिडवणारे सांघिक खेळ पुष्कळ आहेत. त्यातला रग्बी आपल्याकडे फारसा कुणी बघत नाही, पण वेल्समध्ये त्याचं वेड आहे. वेल्सची लोकसंख्या ३१ लाखांच्या आसपास, म्हणजे धुळे आणि जळगाव हे दोन जिल्हे मिळून जेवढी माणसं होतात त्याच्या निम्मी. तरी त्यांचा राष्ट्रीय संघ इंग्लंड-फ्रान्सला भिडतो. तिथला लुई रीस-झॅमिट हा पोरगा २०२० साली एकोणीस वर्षांचा असताना वेल्सकडून पहिल्यांदा खेळला. पुढच्या वर्षी सहा राष्ट्रांची स्पर्धा वेल्सने जिंकली, त्यात त्याचे चार ट्राय (रग्बीतले ‘गोल’ म्हणा) होते. त्याची जागा विंगवर, मैदानाच्या कडेला. काम एकच : चेंडू हाती आला की सुसाट पळायचं. रग्बीचं मैदान ट्रायच्या एका रेषेपासून दुसरीपर्यंत १०० मीटर आणि रुंदी ७० मीटर धरली, तर तीस खेळाडूंत वाटून प्रत्येकाच्या वाट्याला अडीच हजार चौरस फूट येतात. कबड्डीत चढाई चालू असताना आठ जणांत सातशे फूट, म्हणजे माणशी नव्वदसुद्धा नाहीत. पळायला जागाच नाही. मग तिथे माणूस करतो तरी काय?

योगायोग बघा. ७ ऑक्टोबर २०२३ हा शनिवार. फ्रान्समधल्या नान्त शहरात विश्वचषकाच्या सामन्यात रीस-झॅमिटने जॉर्जियाविरुद्ध तीन ट्राय केले. त्याच दिवशी, काही तास आधी, चीनमधल्या हांगझोऊला भारत आणि इराण आशियाई स्पर्धेतल्या कबड्डीच्या सुवर्णपदकासाठी झुंजत होते. भारताच्या त्या संघात महाराष्ट्राचे दोन पोरगे होते : नाशिकचा आकाश शिंदे आणि टाकळीभानचा अस्लम इनामदार. टाकळीभान श्रीरामपूर तालुक्यात. जिल्हा अहिल्यानगर, तेव्हाचा अहमदनगर.

अस्लमबद्दल थोडं सांगायला हवं. वडील लवकर गेले, आईने शेतमजुरी करून घर चालवलं, पोरांनीही मजुरीला हातभार लावला. मोठा भाऊसुद्धा कबड्डी खेळायचा. पुढे अस्लमला पुणेरी पलटण या संघाच्या ‘युवा पलटण’ उपक्रमात घेतलं गेलं आणि आठव्या मोसमात, डिसेंबर २०२१ मध्ये सुरू झालेल्या स्पर्धेत, तो प्रो कबड्डीच्या मॅटवर उतरला. लिलावातून नव्हे. ‘न्यू यंग प्लेअर’ म्हणून एक वेगळी वाट आहे. संघ स्वतः हेरलेल्या नवख्यांना लिलावाबाहेर थेट करारावर घेतात. टीव्हीवर लिलावाचा हातोडा दिसतो, ही वाट दिसत नाही. खेडेगावातल्या पोराच्या दृष्टीने मात्र मोलाची हीच.

वेल्समध्येही शिडी अशीच असते : शाळा, अकादमी, वयोगटाचा संघ, मग व्यावसायिक क्लब. फरक असा की तिथली शिडी जुनी आणि पक्की आहे, आपली आत्ता कुठे उभी राहतेय. १९३६ च्या बर्लिन ऑलिंपिकच्या वेळी अमरावतीच्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाने जर्मनांपुढे हुतूतूची प्रात्यक्षिकं केली होती. १९९० मध्ये बीजिंगच्या आशियाई स्पर्धेत कबड्डी पदकाचा खेळ झाली. आणि खेळून पोट भरता येईल अशी सोय व्हायला २६ जुलै २०१४ उजाडावा लागला. त्या दिवशी मुंबईत प्रो कबड्डी सुरू झाली. बर्लिनपासून मोजली तर अठ्ठ्याहत्तर वर्षं. त्याआधीचे आपले दिग्गज बँकेत, रेल्वेत, पोलिसांत नोकरी करून सकाळ-संध्याकाळ मैदानावर घाम गाळत.

आता त्या तीस सेकंदांत जाऊ.

चढाईपटू मध्यरेषा ओलांडतो. तिथून ३.७५ मीटरवर निदान रेषा. ती न ओलांडता, कुणाला न शिवता परत आला तर तोच बाद. आणखी एक मीटर आत बोनस रेषा. समोर सहा किंवा सात गडी असतील तर एक पाय या रेषेपलीकडे टेकायचा आणि त्याच क्षणी मागचा पाय हवेत हवा, मग कुणालाही हात न लावता एक गुण. म्हणजे पावणेपाच मीटर आत जाऊन शत्रूच्या अंगणात एका पायावर उभं राहायचं. मागे अंतिम रेषेपर्यंत उरतात जेमतेम पावणेदोन मीटर, आणि दोन कोपरारक्षक डाव्या-उजव्या बाजूने तुमच्या मागे सरकू पाहताहेत.

डोळ्याला दिसलेली हालचाल मेंदूत पोचून तिथून स्नायू हलेपर्यंत साधारण सेकंदाचा पाचवा हिस्सा जातो. सराव कितीही करा, यातलं फार काही वाचवता येत नाही. तेवढ्या वेळात झेपावलेला हात जवळजवळ मीटरभर पुढे गेलेला असतो. याचा अर्थ, हात दिसल्यावर मागे सरकू म्हणणारा गडी आधीच शिवला गेलेला असतो. मग चांगले बचावपटू वाचतात कसे? ते हाताकडे बघतच नाहीत. खांदा आणि हात हवं तेवढं खोटं बोलू शकतात, कंबर मात्र सहसा बोलत नाही. शरीराचा तोल जिथे असतो तिथेच माणूस जाणार. चढाईपटूची सगळी विद्या मग याच्या उलट्या दिशेने चालते : कंबरेलाही खोटं बोलायला शिकवायचं. अस्लम धावत येऊन हात लावण्यासाठी ओळखला जातो. पाय एका बाजूला पळताहेत, नजर तिसरीकडे आणि हात भलत्याच गड्याच्या खांद्यावर. हे तो दर सामन्यात पुन्हा पुन्हा करू बघतो.

आणि हे सगळं ‘कबड्डी, कबड्डी’ म्हणत. दम घुमवत राहायचा म्हणजे श्वास आत घ्यायची मुभा नाही. गंमत अशी की पहिल्या आठ-दहा सेकंदांच्या झटक्यांना स्नायू प्राणवायू मागतच नाहीत. त्यांच्यात क्रिएटिन फॉस्फेट नावाचा छोटा साठा असतो, तो क्षणात वापरता येतो आणि क्षणात संपतो. नंतर प्राणवायूविना साखर मोडायची वेळ येते आणि पाय भरून येऊ लागतात. तीस सेकंदांची मर्यादा ज्यांनी घातली त्यांनी शरीरशास्त्राचं पुस्तक उघडलं होतं की नाही, कोण जाणे. पण चढाईचा शेवटचा तिसरा भाग बरोबर त्या ठिकाणी येतो जिथे शरीर ‘बस’ म्हणू लागतं. बचाव करणारे त्याचीच वाट बघत असतात. सलग दोन चढाया रिकाम्या गेल्या की तिसरी ‘करो या मरो’, गुण नाही आणला तर बाद. म्हणून काही संघ मुद्दाम दोन चढाया मागे मागे सरकत नुसता वेळ काढू देतात आणि तिसरीला तुटून पडतात. थोडं भ्याडपणाचं वाटतं, पण डोकं लागतं त्याला.

हांगझोऊचा अंतिम सामना अशाच एका चढाईवर अडकला होता. २८-२८, शेवटचा साधारण एक मिनिट, भारताच्या पवन सेहरावतची करो या मरो चढाई. पवन कुणालाही न शिवता राखीव पट्ट्यात गेला आणि त्याच्यामागे इराणचे चार गडी. जुन्या नियमाने न शिवता पट्ट्यात जाणारे सगळे बाद. नव्या नियमाने फक्त चढाईपटू बाद. कोणता नियम लावायचा यावर पंच, संघ, अधिकारी यांच्यात असा वाद पेटला की खेळ सुमारे तासभर थांबला. खेळाडू मॅटवर बसून राहिले. शेवटी भारताला चार आणि इराणला एक गुण मिळाला, आणि उरलेला खेळ होऊन सामना ३३-२९ सुटला. अस्लम आणि आकाशच्या गळ्यात सुवर्णपदक पडलं ते मीटरभर रुंदीच्या त्या पट्ट्यामुळे. कार्पेट एरियाबाहेरची जागा अशी कधी कधी महाग पडते.

अस्लमच्या कारकिर्दीत त्यानंतरचे पाच महिने सोन्याचे गेले. दहाव्या मोसमात तो पलटणचा कर्णधार होता. १ मार्च २०२४ रोजी हैदराबादला हरियाणा स्टीलर्सला २८-२५ असं हरवून पुण्याने पहिल्यांदा प्रो कबड्डी जिंकली. पंकज मोहितेने पूर्वार्धाच्या अखेरीस एकाच चढाईत चार गुण आणले. सामना सुटला तो तीन गुणांनी. मोसमाचा सर्वांत मोलाचा खेळाडू अस्लम ठरला. त्यामागे नुसत्या चढाया नव्हत्या. तो पकडीही करतो, आणि चढाईपटूने पकड करणं म्हणजे समोरचा आता काय खोटं बोलणार हे ज्याला स्वतःच्या अंगावरून कळतं त्यानेच जाळं लावणं.

मग गुडघा. अकराव्या मोसमात, २०२४ च्या नोव्हेंबरात, दुखापतीमुळे उरलेली स्पर्धा त्याला सोडावी लागली. कबड्डीत हे जुनंच दुखणं. वेगात येऊन जागच्या जागी थांबायचं, पाय रोवायचा आणि अंग फिरवायचं, या तीन गोष्टी एकदम घडतात तेव्हा गुडघ्यातल्या अस्थिबंधांवर सर्वाधिक ताण येतो. मांडीचं हाड एका दिशेने वळतं, नडगी दुसरीकडे अडकते. मातीत पाय थोडा घसरतो आणि तो ताण जमिनीत जिरतो. मॅट आणि बूट पायाला घट्ट धरून ठेवतात, मग पीळ पडायला गुडघाच उरतो. मॅटमुळे खेळ वेगवान झाला, टीव्हीवर देखणा दिसू लागला, हे खरंच. पण त्या देखणेपणाची किंमत खेळाडूचे सांधे मोजतात. मातीवर वाढलेल्या पोरांना मॅटवर आणताना कुणीतरी त्यांना थांबायचं कसं हे आधी शिकवायला हवं, पळायचं कसं हे नंतर.

रीस-झॅमिटची गोष्ट तेवढ्यात वेगळ्याच रस्त्याला लागली होती. २०२४ च्या जानेवारीत, तेवीसही पूर्ण नसताना, त्याने रग्बी सोडून अमेरिकन फुटबॉलची वाट धरली. कॅन्सस सिटी चीफ्स, मग जॅक्सनव्हिल जॅग्वार्सचा सरावसंघ. नियमित मोसमात एकही सामना न खेळता तो २०२५ मध्ये रग्बीत परतला, ब्रिस्टलकडे. कबड्डीपटूला असा दुसरा दरवाजा नाही. पावणेपाच मीटरांत कमावलेली ही विद्या दुसऱ्या कुठल्याच मैदानावर चालत नाही. अस्लम परतला तो याच मॅटवर, पुन्हा कर्णधार म्हणून. बाराव्या मोसमात पुणे अंतिम फेरीत पोचलं आणि ३१ ऑक्टोबर २०२५ ला दिल्लीत दबंग दिल्लीकडून ३१-२८ असं हरलं. पुन्हा तीनच गुण, फक्त उलटे.

पैशाचं काय? २०१९ च्या लिलावात कोल्हापूरच्या चंदगड तालुक्यातल्या सिद्धार्थ देसाईवर तेलुगू टायटन्सने १ कोटी ४५ लाख लावले, तेव्हा गावोगावच्या व्यायामशाळांतली हवाच बदलली. पण दहाव्या मोसमाच्या लिलावात सर्वांत खालच्या गटाची मूळ किंमत ९ लाख होती, आणि बोली न लागलेल्यांना तीही नाही. कोटीचे आकडे बातमीसाठी ठीक आहेत. देवपुरातल्या एखाद्या कॉलेजच्या मैदानावर संध्याकाळी चुन्याच्या रेषा मारणाऱ्या पोराला त्याहून उपयोगी माहिती ही की युवा कबड्डी सीरिजसारख्या स्पर्धेत धुळे जिल्ह्याचाही संघ मॅटवर उतरला, आणि तिथे गडी हेरणारे बसलेले असतात.

पुढचा सामना बघाल तेव्हा एक करून बघा. चढाई सुरू झाली की चढाईपटूच्या हाताकडे आणि चेहऱ्याकडे अजिबात बघू नका. त्याच्या मागच्या पायाची टाच बघा. ती उचलली गेली की बोनस घ्यायचा विचार आहे. ती रुतली की पुढच्या क्षणी हात निघणार. आणि ती मध्यरेषेकडे वळली की तो घाबरलाय. मग नजर डाव्या कोपऱ्यातल्या गड्याकडे न्या. तोही नेमकी तीच टाच बघत असतो, आणि बहुतेक वेळा तुमच्या अर्धा क्षण आधी हललेला असतो.