एकादशीचा खाडा

आषाढी एकादशीला नारायणगडावर, आपल्या धाकट्या पंढरीला, गर्दी लोटते. पण बीडच्या दुकानांत कामाला जाणाऱ्या बायका विचारतात, "ताई, गडावर गेलं की खाडा धरतात. सुट्टी नसते का हो?"

कॅलेंडरात लाल छापलेली 'सार्वजनिक सुट्टी' सरकार १८८१ च्या कायद्याखाली जाहीर करतं. तो कायदा मुळात चेक-हुंड्यांचा! त्यामुळे बँका, सरकारी कचेऱ्या बंद राहतात. दुकानमालकावर त्याचं बंधन नाही.

कामगारांचं वेगळं आहे. २०१७ च्या महाराष्ट्र दुकाने व आस्थापना कायद्यात वर्षाला आठ भरपगारी सुट्ट्या आहेत. २६ जानेवारी, १ मे, १५ ऑगस्ट, २ ऑक्टोबर या ठरलेल्या. उरलेल्या चार सणांच्या. त्या मालक आणि कामगारांनी वर्ष सुरू होण्याआधी मिळून ठरवायच्या. मैत्रिणींनो, एकादशी बसते ती इथे! पण आपण विचारतो आषाढात. डिसेंबरातच बोलायला हवं, आणि चौघीजणींनी मिळून. एकटीचं कोण ऐकतो?

यातही मेख आहेच. हा कायदा आधी दहा किंवा जास्त कामगारांच्या दुकानांना होता, २०२५ मध्ये ती मर्यादा वीस केली. आपल्याकडे वीस माणसांची दुकानं किती? बोटावर मोजण्याइतकी. बाकीच्या बायकांना १ मे, म्हणजे कामगार दिनसुद्धा, मालकाच्या मर्जीवर.

धुणंभांडी करणारी तर या यादीत कुठेच नाही. तिच्या मालकिणी आपणच. येत्या आषाढीला तिचा खाडा धरू नका.