दामदुप्पट आणि गृहकर्ज

जुन्या मुंबई इलाख्यात, म्हणजे रत्नागिरी जिल्ह्यातही, हिंदू ऋणकोला दामदुपटीच्या नियमाचा आधार असे. थकलेले व्याज कितीही साचले, तरी सावकाराला एका वेळी मुद्दलाहून अधिक व्याज वसूल करता येत नसे. हा नियम थकबाकीपुरता होता. वेळोवेळी चुकत्या केलेल्या व्याजाची बेरीज तो धरत नसे. आजच्या गृहकर्जाचे मर्म याच बेरजेत आहे.

समजा, रत्नागिरीत घरासाठी ३० लाख रुपये ८.५ टक्क्यांनी २० वर्षांसाठी घेतले. मासिक हप्ता सुमारे २६,०३५ रुपये. पहिल्या हप्त्यातले २१,२५० रुपये व्याजात जातात. मुद्दल फिटते जेमतेम ४,७८५. दहा वर्षांत ३१ लाखांहून अधिक भरूनही सुमारे २१ लाख देणे उरते. अखेरीस एकूण व्याज होते साडेबत्तीस लाखांच्या आसपास. एकही हप्ता न थकवता व्याज मुद्दलाच्या पुढे जाते.

हेच कर्ज १५ वर्षांत फेडले तर हप्ता साडेतीन हजारांनी वाढतो, पण व्याज नऊ लाखांहून अधिक वाचते. दर तोच, फरक मुदतीचा. म्हणून दर वाढल्यावर हप्ता तोच ठेवून मुदत लांबवण्याची सोय महाग पडते. चल दराच्या गृहकर्जावर बँकांनी मुदतपूर्व फेडीचा दंड घेऊ नये, असा रिझर्व्ह बँकेचा आदेश २०१२ पासून आहे. तेव्हा आंब्याच्या हंगामात चार पैसे हाती आले, तर ते सुरुवातीच्या वर्षांतच मुद्दलात भरावेत.

गहाणखतावर सही करण्यापूर्वी हप्त्यांच्या तक्त्यातली व्याजाची एकूण बेरीज पाहावी. ती किमतीत मिळवल्यावरच घर केवढ्याला पडले ते कळते.